ग्राहक आयोगाचा निकाल पटला नाही, तर पुढे कुठे जायचं?

निकाल विरोधात गेला की पहिलं वाक्य ठरलेलं असतं : "बघून घेऊ, हायकोर्टात जाऊ." तक्रारदार हरला तर तो हेच म्हणतो. बिल्डर किंवा विमा कंपनी हरली तर त्यांचा माणूस आयोगाच्या व्हरांड्यात उभा राहून हेच ऐकवतो. पण ग्राहकांच्या भांडणात हायकोर्टाचा नंबर बराच उशिरा लागतो. मधल्या पायऱ्या सोडून थेट तिथे गेलात, तर न्यायमूर्तींचा पहिला प्रश्न असतो, अपील का केलं नाही? त्याला पटणारं उत्तर नसेल, तर याचिका बहुतेक वेळा तिथेच संपते. आणि तोवर अपिलाची मुदतही उलटून गेलेली असते.

मधल्या पायऱ्या कोणत्या ते आधी पाहू. आपण अजूनही सवयीने 'ग्राहक मंच' म्हणतो, पण ग्राहक संरक्षण कायदा, 2019 लागू झाला तेव्हापासून, म्हणजे 20 जुलै 2020 पासून, मंचाचा आयोग झाला आहे. खाली जिल्हा आयोग, त्यावर राज्य आयोग, सगळ्यात वर दिल्लीचा राष्ट्रीय आयोग. तक्रार कुठे दाखल करायची हे वस्तू किंवा सेवेसाठी तुम्ही किती पैसे मोजले त्यावर ठरतं. नुकसानभरपाई किती मागता त्यावर नाही. डिसेंबर 2021 च्या नियमांनुसार 50 लाखांपर्यंत जिल्हा आयोग, त्यापुढे 2 कोटींपर्यंत राज्य आयोग आणि त्याहून जास्त असेल तर राष्ट्रीय आयोग. तुमची तक्रार ज्या पायरीवर सुरू झाली, तिथून वरच्या पायऱ्या मोजायच्या. बहुतेकांची सुरुवात जिल्ह्यातच होते, म्हणून पुढचं सगळं प्रामुख्याने तिथून पुढचं आहे.

एक गोष्ट मात्र सुरुवातीलाच सांगतो, कारण ती न कळल्यामुळे लोक वर्षं आणि पैसे दोन्ही घालवतात. वर जाल तसा प्रश्न लहान होत जातो. जिल्हा आयोग विचारतो, तुमच्यावर अन्याय झाला का. राज्य आयोग विचारतो, जिल्हा आयोगाचा निकाल बरोबर आहे का. राष्ट्रीय आयोग दुसऱ्या अपिलात विचारतो, यात कायद्याचा काही महत्त्वाचा प्रश्न आहे का. हायकोर्ट विचारतं, खालच्यांनी आपली हद्द ओलांडली का. शेवटच्या प्रश्नात तुमचा गळका फ्लॅट किंवा नाकारलेला मेडिक्लेम जवळजवळ दिसतच नाही.

पहिलं काम : आदेश वाचणं

आपल्याकडच्या जिल्हा आयोगांचे मराठी आदेश एका साच्यात असतात. आधी तक्रारीचा सारांश, मग सामनेवाल्याचं, म्हणजे ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे त्याचं, म्हणणं, मग मुद्द्यांचा तक्ता, मग कारणमीमांसा आणि शेवटी 'आदेश'. लोक थेट शेवटच्या पानावर जातात, 'तक्रार खारीज करण्यात येते' किंवा 'तक्रार अंशतः मंजूर' वाचतात आणि कागद वकिलाच्या टेबलावर टाकतात. अपिलाचा जीव मात्र मुद्द्यांच्या तक्त्यात आणि कारणमीमांसेत असतो.

समजा तक्त्यात लिहिलंय : 'सामनेवाला यांनी सेवेत त्रुटी केली आहे काय? – नाही.' आता हे 'नाही' कशामुळे आलं ते कारणमीमांसेत शोधा. 'तक्रारदाराने हॉस्पिटलचे डिस्चार्ज कार्ड दाखल केलेले नाही' असं कारण असेल आणि ते कार्ड तुम्ही खरंच दिलं नसेल, तर अपील अवघड आहे. नवे कागद अपिलात आणायचे तर परवानगी मागावी लागते, आणि तेव्हाच का दिले नाहीत याचं उत्तर द्यावं लागतं. पण कार्ड तुमच्या कागदयादीत अनुक्रमांक 6 वर आहे, त्यावर आयोगाचा शिक्काही आहे आणि तरी आदेशात त्याचा उल्लेख नाही, असं असेल तर अपिलाचा पहिला मुद्दा तुम्हाला तिथेच मिळाला. बरोबर रोजनामाही काढून घ्या. कोणत्या तारखेला कोण हजर होतं, लेखी जबाब कधी आला, हे त्यातूनच कळतं, आणि निकालाचं पारडं कधी कधी त्या दोन ओळींवरच फिरतं.

लेखी जबाबाचं उदाहरण यासाठी की त्याची मुदत 30 दिवस आणि वाढवून आणखी 15, इतकीच आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 4 मार्च 2020 रोजी, हिली मल्टिपर्पज कोल्ड स्टोरेजच्या प्रकरणात, 45 दिवसांच्या पुढे एक दिवसही देता येणार नाही असं ठरवून टाकलं. कंपनीचा जबाब साठाव्या दिवशी घेऊन त्याच्याच आधारे तुमची तक्रार फेटाळली असेल, तर अपिलात सांगण्यासारखं तुमच्याकडे बरंच आहे.

पहिलं अपील

जिल्हा आयोगाच्या आदेशाविरुद्ध राज्य आयोगाकडे 45 दिवसांत अपील करता येतं. कायद्यात 'आदेशाच्या तारखेपासून' असे शब्द आहेत, त्यामुळे प्रत उशिरा मिळाली तरी सुरक्षित हिशेब आदेशाच्या तारखेपासूनच धरावा. प्रत उशिरा मिळाल्याचा पुरावा, म्हणजे पाकीट, पोच, नकलेवरची तारीख, जपून ठेवा. विलंब माफीच्या अर्जाला तोच उपयोगी पडतो. पुरेसं कारण दिसलं तर राज्य आयोग उशीर माफ करू शकतो. 'वकील गावाला गेले होते' हे कारण कधी चालतं, बऱ्याचदा चालत नाही.

वाद घटनांचा असो की कायद्याचा, दोन्हींची नव्याने तपासणी या पायरीवर होते. पुरावा पुन्हा वाचला जातो, रक्कम वाढवता येते, कमी करता येते, आदेश रद्द करून प्रकरण पुन्हा जिल्ह्याकडे पाठवता येतं. पुढच्या कुठल्याही दारात इतकी मोकळीक मिळत नाही. म्हणून जो काही जोर लावायचा तो इथे लावा, असं माझं स्पष्ट मत आहे. पुढे सर्वोच्च न्यायालय आहेच, या भरवशावर अपील घाईघाईत खरडून देणारे वकील मी पाहिलेत. आणि वकिलाने प्रकरण बिघडवलं म्हणून ग्राहक आयोगात जाण्याची सोयही आता नाही. वकिलांची सेवा या कायद्याखाली येत नाही असं सर्वोच्च न्यायालयाने मे 2024 मध्ये ठरवलं आहे.

आता पैशांचं. एक कल्पित प्रकरण घेऊ. सोलापूरच्या एका कुटुंबाचा मेडिक्लेम कंपनीने नाकारला. जिल्हा आयोगाने आदेश दिला : 3,20,000 रुपये द्या, मानसिक व शारीरिक त्रासापोटी 25,000, तक्रारीच्या खर्चापोटी 10,000. कंपनीला अपील करायचं असेल तर आदेशातल्या रकमेपैकी निम्मी आधी राज्य आयोगात भरावी लागेल. व्याज बाजूला ठेवलं तरी 1,77,500 रुपये. ते भरल्याशिवाय आयोग अपील विचारातच घेत नाही.

1986 च्या जुन्या कायद्यात ही अट अगदी पातळ होती. राज्य आयोगात अपील करताना निम्मी रक्कम किंवा 25,000 रुपये, यांतलं जे कमी असेल ते भरायचं. म्हणजे पंधरा लाखांचा आदेश झाला तरी कंपनी पंचवीस हजार भरून अपील टाकत असे आणि मग वर्षानुवर्षं तारखा चालत. नव्या कायद्याने ती पळवाट बुजवली. तुमची मूळ तक्रार 20 जुलै 2020 च्या आधी दाखल झालेली असेल, तर मात्र अपिलातल्या ठेवीला जुनाच नियम लागू होतो. सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये ईसीजीसी कंपनीच्या प्रकरणात तसं सांगितलं आहे. जुन्या प्रकरणातल्या कंपनीने 25,000 च भरले म्हणून आरडाओरडा करण्याआधी तक्रारीचं वर्ष बघा.

ही ठेव फक्त त्याने भरायची, ज्याला आदेशाने पैसे द्यायला सांगितलं आहे. ज्याची तक्रार फेटाळली, किंवा ज्याला कमी मिळाले म्हणून जास्त मागायचे आहेत, त्या ग्राहकाला ठेव भरावी लागत नाही. हे अनेकांना माहीत नसतं आणि 'अपिलाला निम्मे पैसे लागतात म्हणे' या ऐकीव भीतीने ते घरी बसतात.

तक्रार अंशतः मंजूर झालेल्यांनी आणखी एक काळजी घ्यावी. कंपनी चेक घेऊन येते आणि सोबत 'संपूर्ण व अंतिम रक्कम मिळाली, आता काही तक्रार नाही' असा छापील कागद पुढे करते. वाढीव रकमेसाठी अपील करायचा विचार असेल तर त्यावर सही करू नका. 'अपिलाचा हक्क अबाधित ठेवून रक्कम स्वीकारली' एवढं स्वतःच्या हाताने लिहा, त्याची प्रत ठेवा, मग चेक घ्या.

"आम्ही अपिलात गेलोय"

हे वाक्य ऐकून निम्मे ग्राहक गप्प बसतात. गप्प बसण्याचं कारण नाही. अपील दाखल झालं म्हणून आदेश आपोआप थांबत नाही. त्यासाठी वेगळा अर्ज करून स्थगिती मिळवावी लागते. कंपनीच्या माणसाला एवढंच विचारा : स्थगितीचा आदेश दाखवा. तो नसेल तर जिल्हा आयोगात अंमलबजावणीची दरखास्त करता येते. कलम 71 प्रमाणे आयोगाचा आदेश दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा अमलात आणता येतो. कलम 72 त्याहून कडक आहे : आदेश न पाळणाऱ्याला एक महिन्यापासून तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा 25,000 ते 1 लाख रुपये दंड, किंवा दोन्ही. कलम 72 खाली झालेल्या शिक्षेविरुद्ध अपिलाची मुदत वेगळी, 30 दिवसांची आहे.

ठेव भरली म्हणजे स्थगिती मिळालीच, हाही गैरसमज आहे. निम्मी रक्कम हे फक्त आत येण्याचं तिकीट. स्थगिती द्यायची की नाही, आणि द्यायची तर उरलेल्यातले आणखी किती पैसे भरायला लावायचे, हे आयोग वेगळं ठरवतो. राष्ट्रीय आयोगापुढच्या अपिलांबद्दल सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2021 मध्ये हे स्पष्ट केलं. फक्त जास्त रकमेची अट घालायची तर कारणं लिहावी लागतात.

त्याच आयोगाला पुन्हा विचारता येतं का?

थोडंसं. आदेशात डोळ्यांना सरळ दिसणारी चूक असेल, बेरीज चुकली असेल, 3,20,000 चे 32,000 झाले असतील, तर 30 दिवसांत त्याच आयोगाकडे पुनर्विलोकनाचा अर्ज करता येतो. 'माझा मुद्दा तुम्हाला पटायला हवा होता' ही अशी चूक धरली जात नाही.

एकतर्फी आदेश झाला असेल तर लोकांची पहिली धाव जिल्हा आयोगाकडेच असते : साहेब, नोटीस मिळालीच नव्हती, आदेश रद्द करा. पण स्वतःचा एकतर्फी आदेश रद्द करण्याचा अधिकार जिल्हा आणि राज्य आयोगाला नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने जुन्या कायद्याखाली 2011 मध्येच सांगितलं होतं. नव्या कायद्यानेही तो अधिकार फक्त राष्ट्रीय आयोगाला दिला आहे. बाकीच्यांनी अपिलातच जायचं. तिथे नोटिशीच्या पाकिटावरचा पोस्टमनचा शेरा फार कामाचा असतो.

प्रकरण आयोगाच्या मध्यस्थी कक्षात तडजोडीने मिटलं असेल आणि तसा आदेश झाला असेल, तर त्यावर अपील नाही. सही करण्याआधी एक रात्र विचार करा तो यासाठी.

दुसरं अपील आणि पुनरीक्षण

राज्य आयोगाने अपिलावर दिलेला निकालही विरोधात गेला, तर राष्ट्रीय आयोग. पण इथे दार अरुंद होतं. दुसऱ्या अपिलात कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असावा लागतो आणि तो अपिलाच्या अर्जात नेमक्या शब्दांत मांडावा लागतो. 'भिंतीला तडा बांधकामामुळे गेला की शेजारच्या खोदकामामुळे' हा घटनेचा प्रश्न झाला. 'ताबा घेतल्यानंतर ग्राहकाला विलंबाची भरपाई मागता येते का' हा कायद्याचा होऊ शकतो.

पुनरीक्षण (रिव्हिजन, म्हणजे खालच्या आयोगाने आपला अधिकार नीट वापरला का याची वरून तपासणी) हा अपिलाचा धाकटा भाऊ नव्हे, जरी वकील मंडळी ते तसं वापरून बघतात. राज्य आयोगाने नसलेला अधिकार वापरला, असलेला वापरला नाही, किंवा बेकायदा वा गंभीर अनियमितपणे काम केलं, एवढ्याच कारणांवर राष्ट्रीय आयोग त्यात हात घालतो. खालच्या दोन्ही आयोगांनी पुराव्यावरून एकच निष्कर्ष काढला असेल, तर तो बदलून मिळण्याची आशा फार धरू नये.

तक्रार मुळातच राज्य आयोगात सुरू झाली असेल तर राष्ट्रीय आयोगाकडचं अपील हे तुमचं पहिलं अपील, आणि त्याची मुदत 45 नव्हे, 30 दिवस. हा पंधरा दिवसांचा फरक अनेकांना महागात पडतो.

मग हायकोर्ट कधी?

इथे बरीच वर्षं गोंधळ होता. राष्ट्रीय आयोगाने स्वतःकडे सुरू झालेल्या मूळ तक्रारीवर आदेश दिला, तर कलम 67 प्रमाणे 30 दिवसांत थेट सर्वोच्च न्यायालयात अपील करता येतं, निम्म्या रकमेच्या अटीसकट. पण राष्ट्रीय आयोगाने अपिलात किंवा पुनरीक्षणात दिलेल्या आदेशाचं काय? त्यावर अपील कायद्यात दिलेलंच नाही. आपल्या सोलापूरच्या मेडिक्लेमसारखं, जिल्ह्यातून निघालेलं जवळपास प्रत्येक प्रकरण दिल्लीपर्यंत गेलं तर इथेच येऊन थांबतं.

2012 मध्ये व्हेइकल फॅक्टरीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की, कायद्यात अपील दिलेलं असताना उच्च न्यायालयांनी राष्ट्रीय आयोगाच्या आदेशांविरुद्धच्या रिट याचिका दाखल करून घेऊ नयेत. त्याचा अर्थ अनेकांनी 'हायकोर्ट बंद' असा घेतला. मे 2022 मध्ये ओमॅक्स बिल्डहोमच्या प्रकरणात चित्र स्पष्ट झालं : राष्ट्रीय आयोगाच्या अपिलातल्या आदेशाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात अपील नाही, त्यामुळे राज्यघटनेच्या अनुच्छेद 227 खाली उच्च न्यायालयात जाता येतं. जुलै 2023 मध्ये युनिव्हर्सल सोम्पो विमा कंपनीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने आणखी पुढे जाऊन बजावलं की, अशा आदेशांवर थेट आमच्याकडे विशेष अनुमती याचिका (अपिलाची खास परवानगी मागणारा अर्ज) घेऊन येऊ नका, आधी उच्च न्यायालयात जा.

कोणत्या उच्च न्यायालयात? राष्ट्रीय आयोग दिल्लीत बसतो म्हणून काही काळ सगळे दिल्ली उच्च न्यायालयाकडे धावत होते. 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो प्रश्नही सोडवला : वादाचं कारण जिथे घडलं, तिथल्या उच्च न्यायालयात. महाराष्ट्रातल्या ग्राहकासाठी म्हणजे मुंबई उच्च न्यायालय. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर यांच्या जोडीला ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरचं सर्किट बेंचही सुरू झालं आहे आणि सोलापूर जिल्हा त्याच्या कार्यक्षेत्रात येतो.

अनुच्छेद 227 खाली हायकोर्ट अपील ऐकत नाही. ते देखरेख करतं. थर्ड अंपायर फलंदाज कसा खेळला हे बघत नाही, पाय रेषेच्या आत होता का एवढंच बघतो, तसं. बाजू ऐकूनच घेतली नाही, अधिकार नसताना आदेश दिला, रेकॉर्डवरचा महत्त्वाचा कागद पाहिलाच नाही, किंवा कुठलाही शहाणा माणूस काढणार नाही असा निष्कर्ष काढला, तर हायकोर्ट हस्तक्षेप करतं. 'दोन मतं शक्य होती, आयोगाने दुसरं घेतलं' यावर करत नाही. त्यामुळे याचिकेत तुमच्या हालअपेष्टांची वीस पानं लिहिण्यापेक्षा तो एक न पाहिलेला कागद आणि आदेशातला तो एक परिच्छेद, हे दोन शेजारी ठेवून दाखवणारी दोन पानं जास्त काम करतात. या याचिकेला दिवसांत मोजलेली मुदत नाही, पण कारण नसताना वर्ष-दीड वर्ष उशीर केलात तर त्याच एका मुद्द्यावर बाहेर पडाल.

जिल्हा आयोगाच्या आदेशावर थेट हायकोर्टात जाण्याचे अपवाद आहेत, पण मोजके : मूलभूत हक्कांचा भंग, नैसर्गिक न्यायाचा उघड भंग, अजिबात अधिकार नसताना दिलेला आदेश, किंवा कायद्याच्याच वैधतेला आव्हान. उघड म्हणजे खरंच उघड.

दिवाणी न्यायालयाबद्दलही विचारणा होते. आयोगाने गुणवत्तेवर, म्हणजे मूळ वाद तपासून, निकाल दिल्यावर तोच वाद नव्याने दिवाणी दावा करून उघडता येत नाही. मात्र आयोगाने 'प्रकरण गुंतागुंतीचं आहे, सविस्तर पुरावा लागेल, दिवाणी न्यायालयात जा' असं सांगून तक्रार परत केली असेल, तर तसं जाता येतं, आणि आयोगात गेलेला काळ मुदतीच्या हिशेबातून वगळण्याची मागणी मुदत कायद्याच्या कलम 14 खाली करता येते. फसवणुकीचे, खोट्या सह्यांचे आरोप असलेली प्रकरणं अशी परत येतात.

ज्यांचे आदेश जुन्या कायद्याखालचे आहेत त्यांच्यासाठी एक ताजी गोष्ट. 2003 च्या दुरुस्तीत कलम 25 ची शब्दरचना अशी झाली की त्यात फक्त 'अंतरिम आदेशा'च्या अंमलबजावणीचा उल्लेख उरला. अंतिम आदेश हातात असूनही वसुली अडू लागली. पुण्याच्या पाम ग्रोव्हज सहकारी गृहनिर्माण संस्थेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट 2025 मध्ये ही फट बुजवली : 15 मार्च 2003 ते 20 जुलै 2020 या काळासाठी ते शब्द 'कोणताही आदेश' असे वाचायचे. अशा दरखास्तीतल्या आदेशावर राज्य आयोगाकडे अपील होतं, पण त्यापुढे अपीलही नाही आणि पुनरीक्षणही नाही. 'दरखास्त चालू शकत नाही' असं सांगून ज्यांना त्या काळात परत पाठवलं गेलं, त्यांनी तो निकाल आपल्या जुन्या फाइलसह वकिलाला दाखवावा.